ती-ती-ती

"नाव?" इंगवले बाईंनी विचारलं.

मी तोंड उघडलं. "ती… ती… ती…"

आणि माझ्या हातातल्या वायरच्या पिशवीतून उत्तर आलं, "कॉक?"

इंगवले बाई म्हणजे आमच्या अध्यापक विद्यालयातल्या अध्यापिका आणि मुलींच्या वसतिगृहाच्या रेक्टर. उंच, सडपातळ, पांढरी खादीची साडी, आणि चष्म्यावरून बघायची सवय. त्यांनी आधी माझ्याकडे बघितलं, मग पिशवीकडे. पिशवीवर मी टॉवेल पांघरला होता. तो हलला आणि त्याच्या खालून एक लालभडक, पीस नसलेली मान वर आली. उघड्या मानेची जात ती. ओळखीचं नसलेलं माणूस तिला पहिल्यांदा बघतं तेव्हा दचकतंच. बाई दचकल्या नाहीत. त्यांनी फक्त पेन खाली ठेवलं.

"हे काय आहे?"

"कोंबडी हाय, बाई," हणमंतमामा म्हणाला. "सगुणा नाव तिचं. आन् हिचं तिलोत्तमा. तिलोत्तमा बाबर."

मामा नेहमी असाच घाईघाईनं माझं नाव सांगून टाकायचा. मी पहिल्या अक्षराशी झटत असायची तोवर त्याचं सांगून झालेलं असायचं. शाळेत, दवाखान्यात, लग्नाच्या मांडवात, कुठंही. मला ते सोयीचंच होतं. माझी जीभ सगळीकडेच अडायची, पण 'त'वर तर तिचं ठाणंच होतं. आणि नाव काय, तर तिलोत्तमा! आमच्याकडे दाणे टाकताना कोंबड्यांना "ती-ती-ती" करून हाक मारतात. त्यामुळं मी नाव सांगायला लागले की सगुणाला वाटायचं, दाणे आले. असेल तिथून पळत यायची. पिशवीत असली तर पिशवीतून ओ द्यायची.

"कोंबडी वसतिगृहात कशासाठी?" बाईंनी विचारलं.

"पोरगी तिच्याबिगर तोंड उघडत न्हाई, बाई. पिल्लू हुती तवा मुंगसानं तिची आई न्हेली. हिनं कापसात ठिवून वाढीवली. माणसांसमोर हिची जीभ अडती. कोंबडीसंगं बोलाय लागली की निस्ती गाडी सुटती बगा."

"मामा, इथं मुली शिक्षिका व्हायला येतात. शिक्षिकेला बोलावं लागतं."

"बोलंल की."

"वर्गात कोंबड्या नसतात."

मामानं टोपी काढून परत घातली. मी पिशवी पोटाशी धरली होती. मला आत जायचं होतं, शिकायचं होतं, मास्तरीणच व्हायचं होतं. दुसरं काही व्हायचं माझ्या मनात कधी आलंच नाही. आणि बाई काय चुकीचं बोलत होत्या? तोंड न उघडणारी मास्तरीण कुणी बघितलीय का? मला रडूच यायला लागलं.

बाईंनी माझी बारावीची गुणपत्रिका पुन्हा एकदा बघितली. मग म्हणाल्या, "दिवाळीनंतर पहिला सराव पाठ असतो. खऱ्या शाळेत, खऱ्या मुलांपुढं. तोवर ठेव ही कोंबडी. पाठ एकटीनं दिलास की कोंबडी घरी जाईल आणि तू राहशील. नाही जमला तर दोघी घरी जाल."

"म्हंजी कोंबडी जाणार ती जाणारच?" मामानं विचारलं.

"वसतिगृह आहे हे, मामा. खुराडं नाही."

अशी आमची दोघींची भरती झाली.

आता मी निवृत्तीला आलेली मुख्याध्यापिका आहे. सुना म्हणतात, आई, जरा श्वास तरी घ्या बोलताना. जीभ आजही अडते, पण मी काही थांबत नाही, ऐकणाऱ्यानं थांबावं. तेव्हाचं तसं नव्हतं. तेव्हा मी एक शब्द बोलायच्या आधी दहा वेळा त्याचं पहिलं अक्षर बघून घ्यायची, आणि ते अवघड निघालं तर बोलायचंच रद्द करायची.

खोलीत माझ्याबरोबर जैबुन मुलाणी होती. बुटकी, गोल चेहऱ्याची, दिवसभर बडबडणारी. आडनाव ऐकून माझ्या काळजात धस्स झालं, कारण आमच्या गावात कोंबडं कापायला मुलाण्यालाच बोलावतात. मी पिशवी खाटेच्या आड सरकवली. तिला ते लगेच कळलं.

"घाबरू नको गं बाई," ती म्हणाली. "गावातली कोंबडी आमच्या अब्बांकडं येते ती एकदाच. मला एक पाळायची होती लहानपणापासून, पण अब्बा म्हणायचे, कापणाऱ्याच्या घरात जीव लावू नये. कोंबडीला नाव असतं हे मला आज कळतंय. सगुणा! बाई, काय रुबाब आहे हिचा! मान तेवढी कुठं विसरून आली?"

मी हसले. त्या दिवशी पहिल्यांदा.

दोन आठवड्यांत सगुणा माझ्यापेक्षा जास्त जैबुनची झाली. सकाळी ती जैबुनच्या खाटेवर जाऊन तिच्या कानाशी ओरडायची. दुपारी आम्ही वर्गात असताना व्हरांड्यात, अंगणात फिरायची. मुली भाकरीचे तुकडे टाकायच्या. इंगवले बाई जाता-येता तिच्याकडे बघायच्या आणि काही बोलायच्या नाहीत. एकदा तिनं बाईंच्या ऑफिसात जाऊन टेबलाखाली घाण केली, तेव्हा मात्र बाईंनी मला बोलावून फडकं हातात दिलं. तेव्हाही बोलल्या नाहीत.

संध्याकाळी मी सगुणाला खाटेवर उभी करायची आणि तिला शिकवायची. "हं, मुलांनो, काल आपण काय शिकलो?" सगुणा मान वाकडी करायची. "शाबास! आता आज काय शिकणार आहोत?" तिच्यापुढं माझी जीभ सरळ चालायची, 'त' असो की 'थ'. जैबुन पडल्या पडल्या ऐकायची आणि म्हणायची, "अगं, अशी वर्गात बोललीस ना, तर इंगवले बाई पेढे वाटतील."

"वर्गात कोंबड्या नसतात," मी म्हणायची. तेवढं वाक्य बोलताना मात्र मी जैबुनपुढं कधी अडखळले नाही. पाठ झालं होतं.

दिवाळी झाली. सुट्टीहून परत आलो आणि पाठाची तारीख लागली. दुसरीचा वर्ग, विषय गणित, घटक वजाबाकी. निरीक्षणाला स्वतः इंगवले बाई. शाळा आमच्या आवाराला लागूनच होती, मधे फक्त एक तारेचं कुंपण आणि शिंद्यांची चार घरं.

मला भूक लागेना. आणि त्याच दिवसांत सगुणाही बदलली. अंगणात जाईना. खाटेखाली ट्रंकेमागं फुगून बसायची, दाणे टाकले तर घाईनं चार टिपायची आणि परत जाऊन बसायची. जवळ गेलं की कुरकुरायची. अंडी घालायचीही बंद झाली असं आम्हाला वाटलं.

"तुझ्या काळजीनं गं," जैबुन म्हणाली. "मुक्या जिवाला कळतं सगळं."

मलाही तसंच वाटलं. मी ट्रंकेशी बसून तिला म्हटलं, "सगुणे, एवढं मनाला लावून घेऊ नको. व्हायचं ते हुईल." तिनं माझ्या बोटाला टोच मारली. बिचारी किती बेचैन झालीय, असं मला वाटलं आणि माझे डोळे भरून आले.

पाठाच्या आदल्या दिवशी जैबुननं बेत काढला. "हे बघ, वर्गाची खिडकी शिंद्यांच्या बाजूला उघडते. मी सगुणाला डालग्यात घालून खिडकीखाली बसते. तुझी जीभ अडली की तिची नुसती मान दाखवते. तू तिच्याकडं बघ आणि बोल. बाईंना पत्ता लागणार नाही."

"एकटीनं द्यायचा ठरलंय," मी म्हटलं.

"वर्गात एकटीच असशील की! आम्ही बाहेर." तिच्यापुढं कुणाचं काय चालणार?

नावाची मात्र मला धास्ती होती. पाठाच्या सुरुवातीला आपलं नाव सांगायचं असतं. पण त्यावर मी उपाय शोधला होता. नाव फळ्यावर लिहायचं, बोट दाखवायचं, मुलं वाचतील, झालं. तोंड उघडायलाच नको.

दुसऱ्या दिवशी मी निळी साडी नेसून वर्गात उभी राहिले. शैक्षणिक साहित्य म्हणून मक्याचे दाणे नेले होते. प्रत्येक पाठाला काहीतरी साहित्य लागतंच आणि त्याला वेगळे गुण असतात. प्रत्येक मुलापुढं मी दहा-दहा दाण्यांची ढिगुली केली. शेवटच्या बाकावर इंगवले बाई पेन उघडून बसल्या होत्या. मी खिडकीकडे बघितलं. जैबुनचा पत्ता नव्हता. येईल, म्हटलं. फळ्यावर सुबक अक्षरात नाव लिहिलं आणि बोट दाखवलं.

कुणी वाचेना.

मी परत बोट दाखवलं. पुढची दोन वेण्यांची मुलगी उठली. "तिलो… तिलो…" ती म्हणाली आणि अडली. मग म्हणाली, "बाई, ह्ये जोडाक्षर हाय. आमास्नी जोडाक्षरं अजून शिकिवली न्हाईत."

अरे देवा! नावात 'त्त' आहे हे काय मला माहीत नव्हतं? पण दुसरीतल्या मुलांना तो वाचता येत नाही, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं.

"बाई, तुमीच सांगा की," दुसरा कुणी म्हणाला.

मी खिडकीकडे बघितलं. खिडकीत कुणीच नव्हतं. बाईंचं पेन कागदावर टेकलं होतं.

"ती…" मी म्हटलं. "ती… ती… ती…"

झालं. मी डोळे मिटून घेतले आणि मुलांच्या हसण्याची वाट बघायला लागले. तेवढी एक गोष्ट माझ्या आयुष्यात नेहमी वेळेवर यायची. मामाच्या गावाला जाणारी एस.टी. चुकेल, पण ते हसणं चुकायचं नाही.

कुणी हसलंच नाही. मी डोळे उघडले. खिडकीजवळचा एक गोरटेला मुलगा उठून बाहेर वाकून बघत होता.

"बाई कोंबड्या बोलावत्यात रं!" तो म्हणाला.

"दाणं टाकल्यात की समोर. कोंबड्याच बोलावणार," दुसरा म्हणाला.

"पर आसं न्हाई बाई," दोन वेण्यांची मला समजावायला लागली. "आसं हळू म्हणून त्या येत न्हाईत. जोरात म्हणाय लागतंय. आमची आय म्हणती तसं." आणि तिनं गळा काढला, "तीऽऽ ती-ती-ती-ती!"

मग काय, सगळा वर्गच सुटला. "ती-ती-ती-ती!" चाळीस गळे एकदम. माझंही तोंड उघडंच होतं, माझी 'ती-ती'ही त्यात मिसळली. "ती-ती-ती!" मी ओरडत होते. जन्मभर ज्या अक्षराची लाज बाळगली ते अक्षर मी भर वर्गात, रेक्टर बाईंच्या समोर, गळा फाडून ओरडत होते, आणि सगळे म्हणत होते, अजून जोरात!

आणि कोंबड्या आल्या. शिंद्यांच्या घरातल्या, पलीकडच्या गोठ्यातल्या, तांबड्या, काळ्या, ठिपक्यांच्या. दोन दारातून, एक खिडकीतून, मग रांगच लागली. मक्याचे दाणे बघून त्यांनी बाकांवर चढाईच केली.

"बाई, माजं खाल्लं!" एकजण बोंबलला.

"किती खाल्ले?" मी विचारलं.

त्यानं मोजलं. "च्यार!"

"दहा होते. चार खाल्ले. मग उरले किती?"

"सा!"

"शाबास! तुझे किती खाल्ले गं?"

"बाई, माजं सातच ऱ्हायल्यात!"

"मग कोंबडीच्या पोटात किती गेले?"

वर्गात जो गोंधळ माजला तो काय सांगू! पण सगळा गोंधळ वजाबाकीचाच. मुलं दाणे हातानं झाकत होती, मोजत होती, ओरडून उत्तरं देत होती. दोन वेण्यांच्या मुलीची ढिगुली एका काळ्या कोंबडीनं साफ केली. ती रडवेली झाली. "बाई, माजं समदंच खाल्लं."

"मग आता किती आहेत?"

"काय बी न्हाईत."

"काय बी न्हाई म्हणजे किती?"

ती जराशी थांबली आणि तिचा चेहरा खुलला. "शून्य!"

मधेच मी "दहातून ती… ती… तीन" असं अडले, तर दोन पोरांनी दारात जाऊन आणखी कोंबड्या येतायत का ते बघितलं. मला हसू आवरेना. इंगवले बाईंनी पाय बाकावर घेतले होते, कारण खाली एक ठिपक्यांची कोंबडी त्यांच्या चपलेला चोच मारत होती. पेन त्यांच्या हातात तसंच होतं.

तेवढ्या गडबडीत माझी नजर उघडी मान शोधत होती. एवढ्या माना, पण एकही उघडी नाही. खिडकीत जैबुनचं डोकं वर आलं. तिनं बोटाला रुमाल गुंडाळला होता आणि ती जोरजोरात नकारार्थी मान हलवत होती. सगुणा आलीच नव्हती. पण त्याच वेळी कुणीतरी माझा पदर ओढला, "बाई, माजी वजाबाकी बगा की," आणि मी ती बघायला वाकले. घंटा होईपर्यंत मला मान वर करायला सवड मिळाली नाही.

पाठ संपल्यावर बाईंनी मला दाराशी थांबवलं. साडीवरचं एक पीस त्यांनी झटकलं.

"इतका आरडाओरडा मी कुठल्याही पाठात ऐकलेला नाही," त्या म्हणाल्या. "पण वजाबाकी आली त्यांना. आणि तुझी कोंबडी त्यांत नव्हती. मी बघितलं."

मी मान हलवली.

"मग ठरल्याप्रमाणं. शनिवारी मामांना बोलावून घेते."

मला बोलायचं होतं. पण जुनी सवय. मी परत मान हलवली आणि खोलीकडे पळाले.

खोलीत जैबुन खाटेखाली टॉर्च मारत होती. "उठायलाच तयार नाही गं! डालगं समोर धरलं, दाणे दाखवले, शेवटी हात घातला तर हे बघ, रक्त काढलं तिनं. फुगून एवढी झालीय. आजारी आहे बघ ती."

मी ट्रंक बाजूला ओढली. सगुणा सगळी पिसं फुलवून, पंख पसरून बसली होती आणि माझ्याकडे रागानं बघत होती. मी तिला बाजूनं हळूच उचललं. खाली जैबुनच्या हरवलेल्या ओढणीवर अंडी होती. सहा की सात.

मी तिथंच फरशीवर बसले आणि हसत सुटले.

"काय झालं?" जैबुन घाबरली.

"खुडूक बसलीय गं ही! अंडी उबवतीय!"

म्हणजे आठवडाभर मी जिच्यापुढं डोळे पुसत होते, तिला माझ्या पाठाचं काही पडलंच नव्हतं! कुठल्याही खेड्यातल्या पोरीनं एका नजरेत ओळखलं असतं, आणि मी कोंबड्यांत वाढलेली. पण मला वाटलं, जगात माझ्या जिभेशिवाय दुसरं काही चाललेलंच नाही. जैबुननं कपाळावर हात मारला आणि तीही हसायला लागली. सगुणानं आम्हा दोघींवर कुरकुर केली आणि अंडी पोटाखाली सारून घेतली.

हसून झालं आणि मग लक्षात आलं. शनिवार परवावर आला होता.

शनिवारी मामा आला, हातात तीच वायरची पिशवी. मुलींच्या खोल्यांकडे पुरुषांना मज्जाव, पण बाईंनी त्याला व्हरांड्यापर्यंत येऊ दिलं. त्या स्वतः आमच्या खोलीच्या उंबऱ्यावर उभ्या राहिल्या.

"पाठ चांगला झाला, मामा," त्या म्हणाल्या. "मुलगी राहील. कोंबडी घेऊन जा."

"बाई, माजं काय म्हणणं हाय," मामानं सुरुवात केली, "पोरीचा जीव—"

"मामा, थांब," मी म्हटलं. "मी बोलते."

मामाचं तोंड तसंच उघडं राहिलं. मीही दचकले, पण आता सुरुवात झालीच होती.

"बाई, ती खुडूक बसलीय. खुडूक कोंबडी हलवली तर अंडी स… स… सोडून देते. पिल्लं आतच म… मरतात. पाठाला मला तिची गरज लागली नाही, ते खरंय. पण आता तिला माझी आहे. इतके दिवस ती माझ्याजवळ बसली. आता मला तिच्याजवळ बसू द्या."

बाईंनी चष्म्यावरून बघितलं. "पिल्लं? कोंबडा कुठून आला इथं?"

"शेजारच्या शिंद्यांचा, बाई," जैबुन म्हणाली. "दुपारचा यायचा."

"मुलींच्या वसतिगृहात?"

जैबुननं मान खाली घातली, जणू त्याला तिनंच बोलावलं होतं.

बाई मला म्हणाल्या, "ही विनंती कोण करतंय? नीट नाव सांग."

मामा लगेच पुढं झाला. बाईंनी त्याच्याकडे न बघता नुसता हात वर केला. मामा थांबला.

"ती…" मी म्हटलं. "ती… ती… ती…"

खाटेखालून सगुणानं एकदा "कुर्र" केलं. पण ती उठली नाही. आजवर त्या हाकेला ती पळत आली नाही असं कधी झालं नव्हतं. ती यायची, लोक हसायचे, मामा नाव सांगून टाकायचा आणि मी सुटायची. आता कुणीच आलं नाही. सगळे थांबले होते. "ती… ती…" मी तशीच झगडत राहिले, आणि कधीतरी पुढचं अक्षर आलं.

"…तिलोत्तमा. तिलोत्तमा शामराव बाबर."

बाईंनी मान डोलावली. "हं. तिलोत्तमा, वसतिगृहात प्राणी ठेवता येत नाहीत. तो नियम मला मोडता येणार नाही." त्या वळल्या आणि जाता जाता म्हणाल्या, "शैक्षणिक साहित्य ठेवता येतं. ते खोलीत ठेवायचं की कपाटात, हे ज्याचं त्यानं बघावं. पिल्लं निघाली की मला दाखव. पहिलीच्या वर्गाला बेरीज शिकवायची आहे."

जैबुननं मला अशी मिठी मारली की आम्ही दोघी खाटेवर पडलो.

मामाला सोडायला मी फाट्यावर गेले. रिकामी पिशवी घडी करून त्यानं काखेत मारली होती. वाटेत तो एक अक्षर बोलला नाही. एवढा गप्प मामा मी कधी बघितला नव्हता. मला वाटलं, मी मधेच तोडलं म्हणून रागावला. फाट्यावर झाडाखाली उभे राहिलो तेव्हा तो म्हणाला, "तुझं नाव मी ठिवलंय, म्हाईत हाय तुला?"

मला माहीत नव्हतं.

"बारशाला तुझ्या आत्यानं शोभा ठरीवलं हुतं. साधं, सोपं. मी कुठल्यातरी नाटकाच्या खेळात ह्ये नाव आयकलं हुतं. मला लई आवडलं. भांडून ठिवाय लावलं. मग तू बोलाय लागलीस आन् नेमकी तितंच आडाय लागलीस. लोकं हसायची. मला वाटायचं, ह्ये मी करून ठिवलं. शोभा म्हणाय तुला कायबी आवघड गेलं नसतं." त्यानं टोपी काढून हातात घेतली. "म्हणून मी पटकन सांगून टाकायचो. तुला झटाय लागू नये."

इतकी वर्षं मला वाटायचं, मामाला माझी लाज वाटते म्हणून तो घाई करतो.

"आज आख्खं आयकलं तुझ्या तोंडून," तो म्हणाला. "पयल्यांदा. ग्वाड वाटलं." आणि मग लहान मुलासारखं, "परत म्हण की एकदा."

तेवढ्यात एस.टी. आली. कंडक्टरनं दार उघडलं. "चला, चला, आटपा!"

"ती…" मी म्हटलं. "ती… ती… ती…"

मामानं एस.टी.कडे बघितलं नाही. माझ्या तोंडाकडे बघत उभा राहिला. कंडक्टरनं दोनदा हाक मारली, मग शिवी हासडून घंटी दिली. गाडी धुरळा उडवत निघून गेली. रस्त्यापलीकडच्या वस्तीवरून दोन कोंबड्या मान वर करून आमच्याकडे यायला लागल्या होत्या.

"तिलोत्तमा," मी म्हटलं.

"हां," मामा म्हणाला. त्यानं डोळे पुसले आणि टोपी घातली.

पुढची गाडी संध्याकाळी होती. मग आम्ही फाट्यावरच्या टपरीत बसून भजी खाल्ली.